फायबरचं टोक आधी बघा, मग जोडा: नव्याने स्प्लायसिंग शिकणाऱ्यांसाठी

केंद्राच्या भारतनेट योजनेची फायबर केबल ग्रामपंचायतीपर्यंत आली आणि तिथून पुढे गावातल्या केबलवाल्यांनी, छोट्या इंटरनेटवाल्यांनी ती घराघरात नेली. त्यामुळे परभणी, हिंगोली, बीड, नांदेडकडच्या तालुक्यांत स्प्लायसिंग (फायबरची दोन टोकं वितळवून जोडणं) येणाऱ्या पोरांना काम आहे. शिकवणारं मात्र फारसं कुणी नाही. टेलिकॉम क्षेत्राच्या कौशल्य परिषदेचे ऑप्टिकल फायबर स्प्लायसर आणि ऑप्टिकल फायबर टेक्निशियन असे अभ्यासक्रम आहेत. जमले तर जरूर करा. पण बहुतेक जण कुणाच्या तरी मागे मशीनची पेटी धरून फिरतात आणि बघून बघून शिकतात. मीही असाच शिकलो. त्यात मशीन कसं चालवायचं ते कळतं, जॉइंट का बिघडला ते कळत नाही.

मशीन आर्क (काच वितळवणारी विजेची ठिणगी) मारतं ते काही सेकंदांचं काम. जॉइंट चांगला होणार की वाईट, हे त्याच्या आधीच ठरलेलं असतं. काच किती स्वच्छ पुसली, किती सरळ कापली, कनेक्टर घालण्याआधी त्याचं टोक बघितलं की नाही, यावर सगळा खेळ आहे. म्हणून या लेखात मशीनची बटणं कमी आणि त्याआधीची कामं जास्त आहेत.

१. डोळे आणि बोटं सांभाळा

फायबरमधून जाणारा उजेड दिसत नाही. आपल्या डोळ्याला साधारण ७०० नॅनोमीटरपर्यंतचाच प्रकाश दिसतो, आणि लाइनवर असतात १३१०, १४९०, १५५० नॅनोमीटर. त्यामुळे टोकात डोकावून "काही दिसत नाही, म्हणजे लाइन बंद आहे" असं कधीच ठरवू नका. लाइनवर केबल टीव्हीचा १५५० चा सिग्नल असेल तर मागे मोठा ॲम्प्लिफायर बसलेला असतो. त्याची पॉवर घरच्या इंटरनेटच्या सिग्नलपेक्षा कितीतरी जास्त असते आणि डोळ्याला कायमची इजा होऊ शकते. लाइन चालू की बंद, हे फक्त पॉवर मीटरने बघायचं. भिंगाचा साधा हातातला स्कोप तर चालू लाइनला लावूच नका. भिंग तो प्रकाश गोळा करून थेट डोळ्यात सोडतं. कॅमेऱ्याचा, पडद्यावर दाखवणारा स्कोप वापरा.

कापलेल्या काचेचे तुकडे मोजून झाकणाच्या बाटलीत टाका. बाटली हाताशी नसेल तर चिकटपट्टीच्या तुकड्यावर चिकटवा आणि ती घडी करून सोबत न्या. काळी मॅट अंथरली तर तुकडा दिसतो, सतरंजीवर दिसत नाही. कुणाच्या घरात काम करत असाल आणि तिथे रांगणारं मूल असेल तर हे दुप्पट जपून करा. कामाच्या मॅटवर चहा-नाश्ता घेऊ नका, आणि हात धुतल्याशिवाय डोळे चोळू नका.

ड्रॉप केबलमध्ये (खांबावरून घरात जाणाऱ्या बारीक केबलमध्ये) ताणासाठी बहुधा लोखंडी तार असते. विजेच्या खांबावरून किंवा तारांजवळून ती ओढताना तीच तार वीज खाली आणते. महावितरणची परवानगी नसलेल्या खांबाला हात लावायचा नाही, आणि अकरा केव्हीच्या तारांखालून केबल फेकून ओलांडायची नाही. काम कितीही घाईचं असो.

२. पेटीत काय हवं

- तीन भोकांचा स्ट्रिपर, केव्हलार कापायची कात्री, केबलचं जॅकेट गोल कापायचा कटर
- चांगला क्लीव्हर (काच सरळ कापायचं अवजार)
- स्प्लायसिंग मशीन, जादा इलेक्ट्रोडची जोडी, ४० आणि ६० मिलिमीटरच्या स्लीव्ह (जॉइंटवर बसवून तापवायच्या नळ्या)
- ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल, पंपाची बाटली, धागे न सुटणारे वाइप
- कनेक्टरचं टोक पुसायचा एक-क्लिक क्लीनर: एससी कनेक्टरसाठी २.५ मिलिमीटरचा, छोट्या एलसी कनेक्टरसाठी १.२५ चा
- ४०० पट दाखवणारा कनेक्टर स्कोप
- पॉवर मीटर, लाल लेझर पेन. जमल्यास ओटीडीआर (फायबरमध्ये उजेडाचे पल्स सोडून कुठे किती तूट आहे ते दाखवणारं यंत्र) आणि त्याची लाँच केबल (यंत्र आणि लाइन यांच्या मध्ये लावायचं जादा फायबर)
- पॅचकॉर्ड (दोन्ही टोकांना कनेक्टर), पिगटेल (एकाच टोकाला कनेक्टर), ॲडाप्टर (दोन कनेक्टर समोरासमोर बसवायचा), छत्री किंवा छोटा तंबू, पांढऱ्या उजेडाचा दिवा

यात पैसे कमी पडत असतील तर मशीन जुनं घ्या, पण क्लीव्हर आणि स्कोप चांगले घ्या. बाजारात उलटंच चालतं: सहा मोटरच्या मशीनसाठी कर्ज काढतात आणि क्लीव्हर मिळेल तो घेतात. वाकडी कापलेली काच कुठलंच मशीन सरळ करत नाही. जुनं मशीन घेताना मेनूमध्ये जाऊन एकूण किती आर्क झालेत आणि इलेक्ट्रोड कधी बदलले ते बघा, आणि विकणाऱ्यासमोर स्वतः चार जॉइंट मारून बघा.

अल्कोहोलच्या बाबतीत एक सापळा आहे. मेडिकलमधला सॅनिटायझर किंवा ७० टक्क्यांचं स्पिरिट चालत नाही. त्यात पाणी असतं, सॅनिटायझरमध्ये बहुधा ग्लिसरीनही असतं, आणि ते काचेवर थर सोडतं. ९९ टक्क्यांचं घेतलं तरी बाटलीचं झाकण उघडं राहिलं तर ते हवेतलं पाणी ओढतं. पावसाळ्यात तर लवकरच.

३. हातात काय आहे ते ओळखा

सिंगलमोड फायबरचा मधला कोअर सुमारे ९ मायक्रॉनचा, त्याभोवतीची काच १२५ मायक्रॉनची आणि वरचं कोटिंग धरून २५० मायक्रॉन. ही काच छत्रपती संभाजीनगरजवळ वाळूजच्या कारखान्यातही ओढली जाते, म्हणजे आपण गावात जोडतो त्यातली काही आपल्याच भागात बनलेली असते. मल्टिमोडचा कोअर ५० किंवा ६२.५ मायक्रॉनचा असतो आणि तो कारखाने, दवाखाने, कॉलेजच्या इमारतींत सापडतो. पिवळी पॅचकॉर्ड सिंगलमोडची. केशरी किंवा फिरोजी असेल तर मल्टिमोड. दोन्ही एकमेकांना जोडू नका.

रंगांचा क्रम पाठच करा: निळा, केशरी, हिरवा, तपकिरी, राखाडी, पांढरा, लाल, काळा, पिवळा, जांभळा, गुलाबी, फिरोजी. ट्यूबनाही बहुधा हाच क्रम असतो, पण २४ फायबरच्या केबलमध्ये सहा-सहाच्या चार ट्यूब आहेत की बारा-बाराच्या दोन, हे कंपनीप्रमाणे बदलतं. जॅकेटवरची छपाई वाचा. रात्री मोटरसायकलच्या हेडलाइटमध्ये तपकिरी, लाल आणि केशरी ओळखू येत नाहीत. तिथेच फायबर उलटेपालटे होतात आणि एकाची लाइन दुसऱ्याच्या घरी जाते. पांढरा दिवा पेटीत ठेवायला सांगितला तो यासाठी.

कनेक्टरमध्ये एवढं पक्कं ठेवा: निळा म्हणजे यूपीसी, हिरवा म्हणजे एपीसी. एपीसीचं टोक ८ अंशांत तिरकं घासलेलं असतं, त्यामुळे परावर्तित उजेड कोअरमध्ये माघारी येत नाही. हिरवा निळ्यात घातला तर तो बसतो, पण टोकं एकमेकांना टेकत नाहीत, मध्ये हवा राहते. कित्येक डीबी लॉस (उजेडाची तूट) होतो आणि टोकंही खराब होतात. ग्राहकाच्या ओएनयूवर (घरातल्या फायबरच्या डब्यावर) कुठलं पोर्ट आहे ते बघूनच पॅचकॉर्ड काढा.

४. बघा, पुसा, पुन्हा बघा, मगच घाला

या पायरीवर बाकी सगळ्यांपेक्षा जास्त वेळ द्या.

सरावासाठी एक जुनी एससी पॅचकॉर्ड घ्या आणि तिचं टोक स्कोपमध्ये धरा. पडद्यावर करड्या रंगाची गोल चकती दिसेल. ती १२५ मायक्रॉनची काच. ऐन मध्यावर बारीक ठिपका आहे तो कोअर. भोवतीचा भाग म्हणजे सिरॅमिकचा फेरूल. आता ते टोक बोटाने एकदा हलकेच पुसा आणि पुन्हा बघा. चकतीभर ढगाळ पट्टे आणि तेलाचे बारीक थेंब दिसतील. नुसत्या डोळ्याला मात्र टोक आधीसारखंच चकचकीत दिसतं. मग शर्टाच्या कोपऱ्याने पुसून बघा: तेल पसरलेलं आणि वर दोन धागे. आता एक-क्लिक क्लीनर एकदा दाबा आणि बघा. हे एकदा स्वतः केलं की पुन्हा कधी कनेक्टर शर्टाला पुसावासा वाटत नाही.

मुरमाच्या रस्त्याच्या धुळीचा कण सहज दहा-वीस मायक्रॉनचा असतो. कोअर ९ मायक्रॉनचा. एक कण मधोमध बसला तर लाइन मेली. त्याहून वाईट म्हणजे तो कण दोन टोकांमध्ये दाबला जातो, त्याचा चुरा होतो आणि काचेला खड्डा पडतो. मग कितीही पुसलं तरी जात नाही, कनेक्टर बदलावाच लागतो. आणि एका बाजूची घाण दुसऱ्या बाजूला लागते, त्यामुळे खराब पॅचकॉर्ड ओएलटीच्या (लाइन जिथून निघते त्या मुख्य यंत्राच्या) चांगल्या पोर्टलाही खराब करते.

पद्धत अशी:

आधी स्कोपमध्ये बघा. स्वच्छ असेल तर पुसू नका, थेट घाला. विनाकारण पुसण्यातूनही धूळ लागते.

घाण दिसली तर आधी कोरडं पुसा. एक-क्लिक क्लीनर सरळ धरून आवाज येईपर्यंत दाबायचा. नाही गेलं तर वाइपचा एक कोपरा अल्कोहोलने अगदी थोडा ओला करा, टोक ओल्यावरून कोरड्याकडे एकाच दिशेने ओढा, गोल फिरवू नका. ओलं टोक तसंच सुकू दिलं तर कडेने वलय राहतं, म्हणून शेवट नेहमी कोरड्यावर.

पुन्हा बघा. आयईसी ६१३००-३-३५ या मानकात टोकाचे वर्तुळाकार भाग पाडून कुठे किती डाग-ओरखडा चालतो ते दिलंय. रोजच्या कामात माझा नियम सोपा आहे: कोअरवर आणि त्याला लागून काहीही नको, बाहेरच्या काचेवर एखादा बारीक ठिपका असेल तर चालेल, सुटी धूळ कुठेच नको.

ॲडाप्टरच्या आतली बाजूही बघा, ती सगळे विसरतात. ओडीएफच्या (केबलची टोकं जिथे एकत्र आणतात त्या पेटीच्या) मागच्या बाजूची पिगटेल वर्षानुवर्षं कुणी पुसत नाही. टोकावर फुंकर मारू नका, तोंडातली वाफ आणि थुंकीचे कण बसतात. आणि धूळ-टोपी लावलेली आहे म्हणजे टोक स्वच्छ आहे असं समजू नका. टोपीच्या आतली घाण टोकालाच लागते. नवी कोरी, पिशवीतली पॅचकॉर्डसुद्धा बघूनच घाला.

५. केबल सोलणं

जॅकेट गोल कापा, आतल्या दोरीने चिरा, आर्मर असेल तर त्याच्या कडेवर ट्यूब घासू देऊ नका. ट्यूबमधली जेली, जेली काढायच्या द्रवाने पुसा. डिझेल किंवा पेट्रोल वापरू नका. ते कोटिंग फुगवतं आणि तेलकट थर सोडतं, मग तेच मशीनच्या खाचेत जातं.

मधली ताण घेणारी कांडी क्लोजरच्या (जॉइंट ठेवायच्या बंद डब्याच्या) क्लँपमध्ये घट्ट आवळा. ती मोकळी राहिली तर केबलला बसलेला हिसका थेट काचेवर येतो. ट्रेमध्ये प्रत्येक बाजूने मीटर-दीड मीटर फायबर गुंडाळायला राहील एवढं सोडा, पुढच्या दुरुस्तीला तेच कामी येतं. साध्या जी.६५२ प्रकारच्या फायबरला ३० मिलिमीटरपेक्षा लहान त्रिज्येचा वळसा देऊ नका. जी.६५७ए२ घट्ट वळण सहन करतं, साडेसात मिलिमीटरपर्यंत, पण हातातलं फायबर कुठलं ते छपाई बघितल्याशिवाय धरून चालू नका. केबल ओढताना तिच्या जाडीच्या २० पट आणि बसवल्यावर १० पट त्रिज्या ठेवा.

६. कापणं आणि जॉइंट

क्रम बदलू देऊ नका: स्लीव्ह, सोलणं, पुसणं, कापणं, मशीन. स्लीव्ह आधी घालायची, नाहीतर चांगला झालेला जॉइंट तोडावा लागतो.

स्ट्रिपर किंचित तिरका धरून एका ओढीत तीन-चार सेंटीमीटर कोटिंग काढा. मग नव्या वाइपवर अल्कोहोल घेऊन काच पुसा, ती बारीक कुरकुरते तेव्हा स्वच्छ झाली समजा. यानंतर काचेला बोट लागता कामा नये. आणि कापल्यानंतर पुसायचं नाही.

क्लीव्हर काच आरपार कापत नाही. पातं तिच्यावर सूक्ष्म ओरखडा पाडतं आणि वाकवल्यावर काच त्या ओरखड्यापासून आरशासारखी सपाट तुटते. म्हणून पातं बोथट झालं किंवा खाचेत धूळ असली की टोक वाकडं तुटतं, त्याला ओठ फुटतो किंवा टवका उडतो. मशीन पडद्यावर कोन दाखवतं: अर्ध्या अंशाच्या आत उत्तम, एक अंशाच्या वर असेल तर परत कापा. "चालतंय" म्हणून पुढे ढकललेला वाकडा कट पुढे कुठेतरी मध्यरात्री फोन करायला लावतो. पुष्कळ क्लीव्हरच्या गोल पात्याला १६ जागा असतात. कट बिघडायला लागले की पातं एक जागा फिरवा, लगेच नवं घेऊ नका.

मशीनमध्ये घातल्यावर पडदा नीट बघा. दोन्ही टोकं सरळ, कडा तीक्ष्ण, काचेवर ठिपका नाही, मग आर्क द्या. झाल्यावर:

- मध्ये बुडबुडा दिसला तर टोक घाण किंवा कट वाईट
- जागा बारीक झाली तर आर्क जास्त किंवा फायबर कमी सरकलं
- जाड गाठ झाली तर फायबर जास्त सरकलं
- पायरी दिसली तर खाचेत धूळ

मशीन ०.०१ किंवा ०.०२ डीबी दाखवतं तो अंदाज आहे, चित्रावरून काढलेला. खरा लॉस मोजल्यावरच कळतो. ०.१ च्या वर अंदाज आला तर मी विचार न करता तोडतो.

आपल्याकडे मे महिन्यात सकाळी आणि दुपारी हवेत फार फरक पडतो. तापमान, दमटपणा, उंची बदलली की आर्कचा जोर बदलतो. म्हणून कामाच्या आधी आर्क कॅलिब्रेशन करा आणि भर उन्हात जागा बदलली तर पुन्हा करा. मशीन कायम सावलीत ठेवा, आणि वारा सुटला असेल तर तंबूत. वाऱ्याने आर्क हलतो आणि खाचेत माती जाते.

स्लीव्ह तापवताना काच ताणून सरळ धरा, भट्टीतून काढल्यावर थंड होऊ द्या. गरम स्लीव्ह ट्रेमध्ये दाबली तर ती वाकडी होऊन थिजते आणि आतली काचही वाकलेलीच राहते.

७. कनेक्टर लावणं

तीन मार्ग आहेत. कारखान्यात घासलेली पिगटेल आणून तिला जॉइंट मारणं सगळ्यात पक्कं. ओडीएफ, ग्रामपंचायतीचं रॅक, शाळा, दवाखाना इथे हेच करा. स्प्लाइस-ऑन कनेक्टरमध्ये जॉइंट कनेक्टरच्या पोटातच होतो, चांगला आहे पण महाग. तिसरा फास्ट कनेक्टर, जो घरोघरी दिसतो. त्यात आधीच घासलेला काचेचा तुकडा असतो आणि तुमचं फायबर त्याला जेलमध्ये टेकतं. मशीनशिवाय पाच मिनिटांत होतो. पण लॉस जास्त असतो आणि तापलेल्या पत्र्याखाली त्यातलं जेल वर्षानुवर्षं टिकेल अशी अपेक्षा ठेवू नका. मी तो फक्त घरातल्या शेवटच्या टोकाला लावतो.

फास्ट कनेक्टरची कृती: मागचं नट आधी केबलवर घाला. चपटी ड्रॉप केबल मधोमध चिरून जॅकेट काढा, कोटिंग काढा, पुसा, सोबत मिळालेल्या पट्टीत मोजून कापा. लांबी एक मिलिमीटरनेही चुकली तर टोक टेकत नाही किंवा जास्त दबतं. हळू आत सरकवा. मागे फायबरला किंचित कमान आली की टेकलं समजा. कुलूप दाबा, नट आवळा, मग मीटर लावा. रीडिंग वाईट आलं तर तेच फायबर उपसून परत घालू नका, नव्याने कापा.

८. पॉवर मोजा, आणि आकडा आधी कागदावर काढा

मीटर लावण्याआधी किती यायला पाहिजे ते माहीत असावं. जीपॉनच्या (एकच फायबर स्प्लिटरने बऱ्याच घरांत वाटणाऱ्या) लाइनचं एक उदाहरण घेऊ. ओएलटीतून निघते +३ डीबीएम. सहा किलोमीटर केबल, १४९० ला किलोमीटरमागे पाव डीबी धरली तर दीड डीबी. एकास चारचा स्प्लिटर सुमारे ७.३, एकास आठचा सुमारे १०.५. सहा जॉइंट ०.१ च्या हिशोबाने ०.६. चार कनेक्टर ०.३ च्या हिशोबाने १.२. एकूण २१.१. म्हणजे घरात उणे १८ च्या आसपास दिसलं पाहिजे. उणे २४ दिसलं तर सहा डीबी कुठेतरी अडलीय, ती शोधा. "इंटरनेट चालू झालं ना" म्हणून निघून येऊ नका. बी-प्लस वर्गाचा ओएनयू उणे २७ पर्यंत चालतो, आणि काठावर चालणारी लाइन पहिल्या पावसात जाते. मी उणे २४ च्या खाली लाइन सोपवत नाही. उलट ओएलटीच्या अगदी जवळ, स्प्लिटर न लावता जोडला तर उणे ८ पेक्षा जास्त पॉवर ओएनयूला झेपत नाही.

सापळे दोन. मीटरवर तरंगलांबी १४९० ठेवा. आधीच्या कामाची १३१० किंवा ८५० राहिली असेल तर आकडा खोटा. आणि डीबीएम म्हणजे पॉवर, डीबी म्हणजे तूट. वहीत लिहिताना दोन्हींची सरमिसळ झाली की पुढच्याला काही कळत नाही.

लाल पेन छोट्या अंतराला, ट्रेमधली मोड आणि पिगटेलची ओळख पटवायला छान. काळ्या जॅकेटमधून ते दिसेलच असं नाही.

९. ओटीडीआर वाचणं

आधी लाइन दोन्हीकडून सोडवा. चालू फायबरला साधा ओटीडीआर लावला तर त्याचा डिटेक्टर जाऊ शकतो. चालू लाइनवर १६२५ किंवा १६५० नॅनोमीटरचा, फिल्टर असलेलाच चालतो.

लाँच केबल लावल्याशिवाय पहिला कनेक्टर दिसत नाही, कारण सुरुवातीच्या डेड झोनमध्ये तो झाकला जातो. अपवर्तनांक १.४६८ च्या आसपास, केबलच्या कागदावर दिलेला टाका. पल्स जवळच्या कामाला छोटा, लांबच्या कामाला मोठा.

एकाच जागी १३१० आणि १५५० दोन्हींवर बघणं ही सगळ्यात उपयोगी सवय. दोन्हींवर लॉस सारखाच असेल तर जॉइंट वाईट. १५५० वर बराच जास्त आणि १३१० वर कमी असेल तर तिथे फायबर वाकलंय, कारण लांब तरंगलांबीचा उजेड वळणावर आधी निसटतो. एका गावात रोज दुपारी एकाच घराची लाइन जायची आणि संध्याकाळी आपोआप यायची. भिंतीवरच्या पत्र्याच्या डबीत ड्रॉपचं जॅकेट उन्हाने आखडून मागे सरकलं होतं; काच तेवढीच राहिली, म्हणून कनेक्टरच्या मागे तिला बारीक कमान आली होती. सकाळी डबी उघडून बघितली तर रीडिंग ठीक. दुपारी दोन वाजता १५५० वर ती जागा लगेच दिसली. डबी सावलीच्या भिंतीवर नेली, आत मोठा वळसा ठेवला, जॅकेट क्लँपमध्ये धरलं.

कधी जॉइंटवर लॉसऐवजी वाढ दिसते. तिथे पॉवर वाढलेली नसते, दोन वेगळ्या फायबरचा परतीचा उजेड वेगळा असतो. दोन्ही टोकांकडून मोजून सरासरी काढा.

तुटलेली जागा शोधताना ओटीडीआरचं अंतर रस्त्यावर मोजू नका. फायबर ट्यूबमध्ये पिळून जातं, प्रत्येक क्लोजरला लूप असतो, त्यामुळे फायबरची लांबी रस्त्यापेक्षा जास्त भरते. नकाशावर सगळ्यात जवळचं माहीत असलेलं क्लोजर धरा, तिथून पुढे किती मीटर ते काढा. दोन-तीनशे मीटरमधली चूक फारशी मोठी नसते, तीन किलोमीटरमधली असते.

१०. आपल्या भागाचं वर्ष आणि देखभाल

काळी माती उन्हाळ्यात भेगाळते आणि पावसात फुगते. खांब कलतात, चेंबरच्या भिंती सरकतात, कमी खोल पुरलेली केबल ताणली जाते. जमिनीखालच्या मुख्य केबलसाठी १.६५ मीटर खोलीचा दंडक आहे. कंत्राटदार फूटभरावर केबल टाकून माती ओढत असेल तर तिथेच फोटो काढा आणि कामाची वही पुढे करा.

एप्रिल-मेच्या वळवात खांबावरच्या केबल आणि डब्या जातात. त्याआधी ढिले क्लँप आवळा, झाडाच्या फांद्या बाजूला करा. मृग लागायच्या आत सगळी क्लोजर एकदा उघडून गॅस्केट आणि रबर रिंग बघा. घुमटाचं क्लोजर टांगताना केबलची तोंडं खाली हवीत, म्हणजे पाणी आत साचत नाही. गोदाकाठच्या चेंबरमध्ये पाणी शिरलं तरी लाइन लगेच जात नाही, म्हणून दुर्लक्ष होतं. पण ताणाखालची काच ओलाव्यात हळूहळू कमकुवत होते आणि काही महिन्यांनी जाते.

डक्टची तोंडं बंद ठेवा, नाहीतर घुशी-उंदीर आत घर करतात. वानरं खांबावरच्या केबलला लोंबकळतात, तिथे जाडी केबल आणि जवळजवळ क्लँप एवढाच उपाय मला दिसलाय. नोव्हेंबरपासून मार्चपर्यंत माजलगाव, लातूर, धाराशिवकडे उसाच्या ट्रॉल्या वाहतात. रस्ता ओलांडणारी केबल भरल्या ट्रॉलीच्या वरून जाते का, ते गाळप सुरू व्हायच्या आधी बघून या. बांधावर पाचट किंवा पऱ्हाट्या पेटवल्या की जॅकेट वितळतं. वरून नुसती काळी पडलेली दिसली तरी तो तुकडा ओटीडीआरवर तपासा.

जेसीबीवर एकच इलाज: तुमच्या मार्गाची माहिती आधी पोचवणं. मार्च २०२३ मध्ये केंद्राने कॉल बिफोर यू डिग हे ॲप आणलं. खोदणाऱ्याने त्यात कळवायचं आणि केबलवाल्याने जागा दाखवायची. रस्त्याचं काम करणाऱ्या ठेकेदाराच्या मुकादमाचा नंबर तुमच्याकडे आणि तुमचा त्याच्याकडे, हे ॲपइतकंच कामाचं आहे.

११. कागद आणि नोंद

सोबत ठेवा: कामाची ऑर्डर, ग्रामपंचायत किंवा नगरपरिषदेची परवानगी, रस्ता ओलांडत असाल तर बांधकाम विभागाची, खांब वापरत असाल तर महावितरणची, तुमचं ओळखपत्र, मार्गाचा नकाशा आणि क्लोजरमध्ये कुठला रंग कुठल्या रंगाला जोडलाय त्याचा तक्ता. मार्गाधिकाराचे नवे नियम १ जानेवारी २०२५ पासून लागू आहेत. अर्ज करण्याआधी कंपनीच्या माणसाकडून चालू नमुना घ्या.

प्रत्येक क्लोजरला नंबर द्या आणि झाकणाच्या आतही लिहा. वहीत तारीख, क्लोजर नंबर, रंग, दोन्ही तरंगलांबीचा लॉस, घरातलं डीबीएम, आणि बंद करण्याआधी ट्रेचा एक फोटो. सहा महिन्यांनी उणे १९ ची उणे २२ झालेली दिसली तर लाइन जायच्या आधी तुम्ही तिथे पोचता. जुना आकडाच नसेल तर उणे २२ चांगलं की वाईट, हे कळायला मार्ग नाही.

१२. संध्याकाळी पेटी बंद करताना

खाचा ब्रशने झाडा, क्लीव्हरचे पॅड आणि पातं वाइपने पुसा, मशीनच्या आरशावर किंवा लेन्सवर अल्कोहोल थेट टाकू नका. इलेक्ट्रोडवर काळा थर दिसला तर माहितीपुस्तकाप्रमाणे साफ करा. आर्क तडतडत असेल तर जोडीनेच बदला. बॅटरी चार्जिंगला लावा, रात्री वीज जाते ते गृहीत धरून. अल्कोहोलचं झाकण बघा. काचेच्या तुकड्यांची बाटली भरली असेल तर झाकण टेपने बंद करून, वर "काच" असं लिहून टाका, नाहीतर कचरा उचलणाऱ्याच्या हातात जाते.